फैजपूरचा ठराव आणि मुंबईचा नेता: १९३६-३७ मधलं एक प्रकरण

१९३७ च्या सुरुवातीला मुंबई प्रांताच्या नव्या विधानसभेची निवडणूक झाली. एकूण जागा १७५. काँग्रेसला त्यांतल्या जवळपास निम्म्या मिळाल्या आणि तो सभागृहातला सर्वांत मोठा पक्ष ठरला. १२ मार्च १९३७ रोजी निवडून आलेले काँग्रेसचे सदस्य आपला नेता निवडायला जमले. मंत्रिमंडळ बनवायचं ठरलंच, तर हाच माणूस प्रांताचा पंतप्रधान (तेव्हा मुख्यमंत्र्याला असं म्हणत) होणार होता.

खुर्शेद फ्रामजी नरिमन यांचं नाव तेव्हा सगळ्यांच्या तोंडी होतं. समुद्र बुजवून जमीन करण्याच्या बॅकबे भरावातला गैरकारभार त्यांनी चव्हाट्यावर आणला होता. त्यांनी तुरुंगवास भोगला होता, मुंबईचं महापौरपद सांभाळलं होतं आणि मुंबई प्रांतिक काँग्रेसचे ते अध्यक्ष होते. लोक त्यांना वीर नरिमन म्हणत. नेतेपदी निवड झाली ती मात्र बाळासाहेब खेर यांची. खेर व्यवसायाने सॉलिसिटर, सचोटीचे आणि शांत स्वभावाचे. पण त्या दिवसापर्यंत मुंबईच्या राजकारणात पहिल्या फळीत त्यांचं नाव घेतलं जात नसे. नरिमन यांनी आरोप केला की वल्लभभाई पटेलांनी आपलं वजन वापरून सदस्यांचा कल फिरवला. पुढचे सात-आठ महिने हा वाद वर्तमानपत्रांत, कार्यसमितीत आणि शेवटी चौकशीत घुमत राहिला.

हे प्रकरण एरवी दोन माणसांचं भांडण म्हणून सांगितलं जातं. एकाला पटेलांची कठोरता दिसते, दुसऱ्याला नरिमनांचा दुखावलेला अहंकार, तिसऱ्याला पारशी-हिंदू असा रंग. मला ही मांडणी अपुरी वाटते. प्रश्न माणसांच्या स्वभावापेक्षा रचनेचा होता, आणि त्या रचनेचा पाया त्याच्या अडीच महिने आधी आमच्या खानदेशात, यावल तालुक्यातल्या फैजपुरात पक्का झाला होता. निवडून आलेल्या सदस्यांनी कोणाचं ऐकायचं, हे फैजपूरने ठरवलं. त्या सदस्यांचा नेता कसा निवडायचा, हे मात्र कोणीच लिहून ठेवलं नाही. या दोन गोष्टींमध्ये जी फट राहिली, तिच्यात नरिमन सापडले.

फैजपुरात काय झालं

काँग्रेसचं फैजपूर अधिवेशन २७ आणि २८ डिसेंबर १९३६ रोजी भरलं. खेड्यात भरलेलं ते पहिलं अधिवेशन. स्वागताध्यक्ष होते शंकरराव देव. शेजारच्या खिरोद्याचे धनाजी नाना चौधरी आणि त्यांच्यासारखे गावोगावचे कार्यकर्ते राबले म्हणून ते पार पडलं. मुक्कामाच्या नगराला टिळकनगर नाव दिलं होतं. नंदलाल बोस यांनी बांबू आणि आसपास मिळणारं सामान वापरून ते उभं केलं, आणि गांधीजींनी खादी-ग्रामोद्योग प्रदर्शनाच्या उद्‌घाटनात त्यांच्या कामाचं मनापासून कौतुक केलं. अध्यक्ष जवाहरलाल नेहरू बैलांच्या रथातून आले. ध्वजारोहणाच्या वेळी झेंडा वरती अडकला, तेव्हा शिरपूरचे किसनसिंग राजपूत खांबावर चढून गेले आणि त्यांनी तो मोकळा केला. ही आठवण खानदेशात आजही अभिमानाने सांगितली जाते, आणि ती सांगितली जावीच. पण त्याच मांडवात जो ठराव झाला, त्याच्याबद्दल आपल्याकडे कोणी फारसं बोलत नाही.

पेच असा होता. १९३५ च्या भारत सरकार कायद्याने प्रांतांना निवडून आलेली सरकारं मिळणार होती, मात्र गव्हर्नरच्या हातात खास अधिकार राहणार होते. काँग्रेसने कायदा नाकारला होता, तरी निवडणूक लढवायची हे ठरलं होतं. ऑगस्ट १९३६ मध्ये जाहीरनामाही झाला होता. मग जिंकल्यावर मंत्रिपदं घ्यायची की नाही? नेहरू आणि समाजवादी विरोधात होते. राजगोपालाचारी, सत्यमूर्ती यांना सत्ता हाती घेणं योग्य वाटत होतं. पक्ष यावर फुटू शकत होता. त्याच वर्षीच्या जूनमध्ये नेहरूंच्या समाजवादी भाषणांवरून पटेल, राजेंद्रप्रसाद, राजगोपालाचारी आदींनी कार्यसमितीचे राजीनामे दिले होते आणि मग मागे घेतले होते. ती जखम अजून ओली होती.

फैजपूरने यावर तोडगा काढला: पदग्रहणाचा निर्णय निवडणुकीनंतर अखिल भारतीय काँग्रेस समिती घेईल. शिवाय निवडून आलेल्या सगळ्या सदस्यांचं एक संमेलन भरवलं जाईल, आणि नवी राज्यघटना लागू होईल त्या दिवशी, १ एप्रिलला, देशभर हरताळ होईल.

वरवर पाहता हा निर्णय पुढे ढकलणं होतं, आणि त्या काळीही तसं म्हणणारे होते. मला त्यात त्याहून मोठी गोष्ट दिसते. पुढे ढकलताना निर्णय कोणाच्या हातात राहील, हे त्यांनी जाहीरपणे ठरवलं. मद्रासच्या सदस्यांनी मद्रासपुरतं आणि बिहारच्या सदस्यांनी बिहारपुरतं ठरवावं, असा रस्ता खुला होता. तो बंद केला. मतदारांनी निवडून दिलेला सदस्य सरकारात जायचं की नाही हे स्वतः ठरवू शकणार नाही. ते पक्षाची समिती ठरवील. हजारो लोकांसमोर, दिवसाढवळ्या, चर्चा करून हे मंजूर झालं. म्हणूनच ते पुढे टिकलं.

चार आण्यांपासून कार्यसमितीपर्यंत

समितीला हा अधिकार कुठून मिळाला, हे समजायला पक्षाची उतरंड पाहायला हवी. १९३४ च्या मुंबई अधिवेशनात गांधीजींच्या आग्रहाने काँग्रेसची घटना बदलली होती. चार आणे वर्गणी भरणारा प्राथमिक सभासद हा तिचा पाया. रावेर किंवा एरंडोलचा शेतकरी चार आणे भरून सभासद झाला की त्याला प्रतिनिधी निवडण्याचा हक्क मिळे. देशभरातून जास्तीत जास्त २,००० प्रतिनिधी, आणि त्यांत ग्रामीण भागाला मोठा वाटा राखलेला: १,४८९ ग्रामीण, ५११ शहरी. फैजपूरसारख्या ठिकाणी अधिवेशन भरवण्यामागे गांधीजींची जी दृष्टी होती, तीच या आकड्यांमागेही होती.

हे प्रतिनिधी आपल्यातून बारावा हिस्सा अखिल भारतीय समितीवर पाठवत. अध्यक्षही प्रतिनिधींच्याच मतांनी ठरे. निवडून आलेला अध्यक्ष मग आपली १४ जणांची कार्यसमिती नेमे, आणि रोजचा कारभार तीच पाही. म्हणजे खालून वर निवडणूक, आणि अगदी वरच्या पायरीवर नेमणूक.

या शेवटच्या पायरीबद्दल पटेलांनी फैजपूरच्या आधी एक महत्त्वाची भूमिका घेतली होती. अध्यक्षपदासाठी त्यांचंही नाव पुढे आलं होतं. त्यांनी ते नेहरूंसाठी मागे घेतलं, पण निवेदनात स्पष्ट केलं की कोणीही अध्यक्ष झाला तरी काँग्रेस आपले अधिकार त्या एका माणसाच्या स्वाधीन करत नाही. नेहरूंच्या समाजवादाला घातलेला तो लगाम होता, हे खरंच. तरीही तत्त्व म्हणून ते आजही मोलाचं आहे. अध्यक्ष मोठा नाही, समिती मोठी.

या उतरंडीच्या शेजारी आणखी एक यंत्रणा उभी राहत होती. १९३४ मध्ये केंद्रीय विधिमंडळाच्या निवडणुकीसाठी संसदीय मंडळ झालं. १९३६ मध्ये प्रांतिक निवडणुकांसाठी संसदीय समिती झाली आणि तिचं अध्यक्षपद पटेलांकडे आलं. उमेदवारी कोणाला द्यायची, कोणाला नाकारायची, हे शेवटी तिच्या हातात होतं. निवडणुकीनंतर कार्यसमितीने तिघांची संसदीय उपसमिती नेमली: पटेल, मौलाना आझाद आणि राजेंद्रप्रसाद. प्रांत वाटून घेतले गेले. मुंबई, मद्रास, मध्य प्रांत आणि सिंध पटेलांकडे आले.

इथे एक गोष्ट नीट लक्षात घ्यायला हवी. सभासदांपासून अध्यक्षापर्यंतची शिडी निवडणुकीने बांधलेली होती. ही तिघांची उपसमिती तशी नव्हती. ती कार्यसमितीने नेमली होती, आणि कार्यसमिती अध्यक्षाने. आमदारांवर सर्वांत थेट हात ज्या यंत्रणेचा होता, ती चार आणेवाल्या सभासदापासून सर्वांत लांब होती.

दोन नकाशे

आता प्रकरणाच्या गाभ्याकडे येतो. नरिमन-खेर वादावर जे वाचायला मिळतं, त्यात हा भाग क्वचितच दिसतो.

१९२० च्या नागपूर अधिवेशनापासून काँग्रेसचे प्रांत भाषेवार होते. पूर्व आणि पश्चिम खानदेश महाराष्ट्र प्रांतिक काँग्रेसमध्ये येत. मुंबई शहराची प्रांतिक समिती वेगळी, गुजरातची वेगळी, कर्नाटकची वेगळी. ब्रिटिशांचा मुंबई प्रांत मात्र एकच: अहमदाबादपासून धारवाडपर्यंत. त्याची विधानसभा एक, तिथला काँग्रेसचा विधिमंडळ पक्षही एक, आणि तो चार प्रांतिक समित्यांमधून आलेल्या सदस्यांचा बनलेला.

संयुक्त प्रांतात किंवा बिहारात हा प्रश्न आला नाही. तिथे पक्षाचा प्रांत आणि सरकारचा प्रांत बहुतांशी जुळत होते. प्रांतिक समितीचा जो मान्यवर नेता, तो विधिमंडळातही नेता व्हावा, हे ओघानेच आलं. मुंबईत तसं होणं शक्य नव्हतं. नरिमन मुंबई शहराच्या समितीचे अध्यक्ष होते. शहरात त्यांच्या तोडीचं कोणी नव्हतं. पण नंदुरबारकडून, जळगावकडून, सातारा-सोलापूरकडून, खेड्यातून निवडून आलेल्या सदस्याने त्यांना आपला नेता का मानावं? तो ज्या समितीचा कार्यकर्ता होता तिचे पुढारी होते शंकरराव देव. कर्नाटकच्या सदस्यांसाठी गंगाधरराव देशपांडे, गुजरातसाठी पटेल स्वतः. यांतले देव किंवा देशपांडे नरिमनांसाठी उत्सुक नव्हते.

म्हणजे नेता ठरवण्याचा अधिकार कोणत्याही एका प्रांतिक समितीकडे नव्हता, आणि चौघींना एकत्र बसवणारी कुठलीही जागा घटनेत नव्हती. कोणीतरी चारही बाजूंशी बोलणं भागच होतं. ते काम वरच्या उपसमितीकडे, पर्यायाने पटेलांकडे गेलं. देव आणि देशपांडे यांच्याशी त्यांचं बोलणं झालं, आणि १२ मार्चच्या बैठकीत खेरांचं नाव एकमताने पुढे आलं.

या बोलण्याची कुठे नोंद नव्हती. उमेदवारांची नावं आधी जाहीर झाली नव्हती, गुप्त मतदान झालं नव्हतं. सदस्यांना विचारलं गेलं की सांगितलं गेलं, हे ठरवायला कागदच नव्हता. कल अजमावणं आणि कल फिरवणं यांतला फरक अशा वेळी फक्त सांगणाऱ्याच्या शब्दावर उरतो. नरिमन म्हणाले, फिरवला. पटेल म्हणाले, मी दबाव आणला नाही. दोघांचंही म्हणणं तपासायला एकच साधन होतं: सदस्यांच्या साक्षी, आणि त्याही निकाल लागून गेल्यावरच्या.

माझं मत असं, की खेरांची निवड चुकीची नव्हती. वेगवेगळ्या भाषांच्या, चार समित्यांच्या सदस्यांना एकत्र ठेवायला भांडखोर नसलेला, कुठल्याही एका गटाचा शिक्का नसलेला माणूस हवा होता, आणि खेर तसे होते. त्यांच्या पुढच्या कारकिर्दीने ते सिद्धही केलं. पण योग्य माणूस निवडला गेला म्हणून निवडीची रीत योग्य ठरत नाही. फैजपुरात जो पक्ष हजारो लोकांसमोर शिस्तीचा ठराव करत होता, त्याने नेतानिवडीसाठी दोन ओळींचा नियमही केला नव्हता.

दिल्ली, वर्धा आणि मुंबई

पुढच्या घटना झरझर घडल्या. १८ मार्च १९३७ रोजी दिल्लीत अखिल भारतीय समितीने फैजपूरने सोपवलेलं काम पार पाडलं. गव्हर्नर आपले खास अधिकार वापरणार नाही अशी खात्री मिळाली तरच पदं घ्यावीत, असा ठराव १२७ विरुद्ध ७० मतांनी झाला. विरोधातली ७० मतं पाहिली की कळतं, मतभेद दाबले गेले नव्हते. लगेच आमदारांचं संमेलन भरलं आणि त्यात सगळ्यांनी काँग्रेसच्या शिस्तीची शपथ घेतली. सभागृहात शपथ घेण्याआधी पक्षाची शपथ झाली.

गव्हर्नर तशी खात्री देईनात. खेरांनी मुंबईत मंत्रिमंडळ बनवायला नकार दिला, आणि १ एप्रिलला धनजीशा कूपर यांचं अल्पमतातलं मंत्रिमंडळ बसवलं गेलं. सर्वांत मोठा पक्ष बाहेर, आणि सभागृहाला तोंड देऊ न शकणारं सरकार आत, अशी ही साडेतीन महिन्यांची अवस्था होती. खेर आणि त्यांच्या सदस्यांनी समितीचा शब्द मोडला नाही. ७ जुलैला वर्ध्यात कार्यसमितीने परवानगी दिली आणि १९ जुलैला खेर मंत्रिमंडळ सत्तेवर आलं. मंत्र्यांचा पगार महिना ५०० रुपये. ही मर्यादा १९३१ च्या कराची ठरावाने घातली होती.

या काळात नरिमनांची तक्रार चालूच होती. कार्यसमितीने तिच्यात तथ्य मानलं नाही. पण तक्रार ज्यांच्याविरुद्ध, ते पटेल त्याच कार्यसमितीचे वजनदार सदस्य होते. तिच्या निकालावर बाहेरच्या माणसाचा विश्वास बसणं कठीणच होतं. शेवटी प्रकरण गांधीजींकडे गेलं आणि त्यांच्या जोडीला मुंबईचे माजी अ‍ॅडव्होकेट जनरल डी. एन. बहादुरजी यांना घेतलं गेलं. पक्षाच्या रचनेत निःपक्ष न्यायाची जागा नव्हती. ती दोन माणसांच्या नैतिक वजनावर उभी करावी लागली.

ऑक्टोबर १९३७ मध्ये निष्कर्ष आला: पटेलांनी गैरवाजवी दबाव आणल्याचं सिद्ध होत नाही. चौकशीत १९३४ ची मुंबईतली केंद्रीय विधिमंडळाची निवडणूकही घेतली होती. त्या निवडणुकीत काँग्रेसचे कन्हैयालाल मुनशी पडले होते, आणि नरिमनांनी पक्षाशी दगाफटका केल्याचा आरोप होता. त्यात नरिमन दोषी ठरले. त्यांनी निष्कर्ष आधी मान्य केला आणि मग ती मान्यता मागे घेतली. कार्यसमितीने त्यांना पक्षातल्या जबाबदारीच्या पदासाठी अपात्र ठरवलं. मौलाना आझाद त्या वेळच्या तिघांपैकी एक, पण त्यांनीसुद्धा पुढे आपल्या आठवणींत नरिमनांवर अन्याय झाल्याचं लिहिलं. उपसमितीतल्याच माणसाने असं म्हणावं, ही साधी गोष्ट नाही.

दोन वेगळ्या आरोपांची एकच चौकशी झाली, हे मला खटकतं. नेतानिवड कशी झाली हा प्रश्न १९३४ च्या निवडणुकीत नरिमन कसे वागले याच्यावर अवलंबून नव्हता. तक्रारदाराचा जुना हिशेब त्याच्या तक्रारीला जोडला गेला की मूळ तक्रार हलकी होते. आजही पक्षांतर्गत शिस्तभंगाच्या कारवाया पाहिल्या तर हेच दिसतं. जळगावला असो वा धुळ्याला, तिकीटवाटपावर आक्षेप घेणाऱ्याची दहा वर्षांपूर्वीची बंडखोरी आधी बाहेर काढली जाते, आणि आक्षेपावर कोणी बोलतच नाही.

लगाम कुठे ताठ, कुठे सैल

फैजपूरने बांधलेला लगाम किती मजबूत होता, हे पुढच्या दोन वर्षांत दिसलं. जुलै १९३८ मध्ये मध्य प्रांताचे पंतप्रधान ना. भा. खरे यांनी संसदीय उपसमितीला न विचारता राजीनामा देऊन नवं मंत्रिमंडळ बनवलं. कार्यसमितीने त्यांना पायउतार व्हायला लावलं आणि रविशंकर शुक्ल नेते झाले. १९३९ मध्ये भारतीयांना न विचारता देशाला युद्धात ओढलं, म्हणून कार्यसमितीने सगळ्या काँग्रेस मंत्रिमंडळांना राजीनामे द्यायला सांगितलं. त्यांनी दिले. हातात बहुमत, मागे मतदार, तरी समितीच्या शब्दावर खुर्ची सोडली. खेरही त्यांत होते.

पण लगाम सगळीकडे सारखा ताठ नव्हता, आणि खानदेशच्या माणसाला हे जास्त टोचायला हवं. फैजपूरने आमदारांच्या शिस्तीखेरीज शेतीचा कार्यक्रमही मंजूर केला होता. त्यात शेतसारा आणि खंडात मोठी कपात, न परवडणाऱ्या छोट्या जमिनींना माफी, कर्जफेडीला स्थगिती, शेतमजुराला पोटापुरती मजुरी, शेतकरी संघटनांना मान्यता, हे सगळं होतं. त्याच वेळी फैजपुरात किसान सभेचं दुसरं अधिवेशन एन. जी. रंगा यांच्या अध्यक्षतेखाली भरलं होतं, आणि मनमाडहून शेकडो शेतकरी गावोगाव प्रचार करत पायी चालत आले होते. ते लोक झेंडा पाहायला आले नव्हते, साऱ्याचं काय होतं ते पाहायला आले होते.

खेर मंत्रिमंडळाने काम केलं नाही असं म्हणता येणार नाही. १९३९ मध्ये कुळांसाठी कायदा झाला, शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा झाला, मुंबईत दारूबंदी आली. पण फैजपूरच्या कार्यक्रमातली साऱ्याची मोठी कपात झाली नाही. तिजोरीची कारणं खरी होती. दारूबंदीने अबकारीचं उत्पन्नही गेलं. माझा आक्षेप वेगळा आहे. मंत्रिमंडळात कोण असावं, नेता कोण, राजीनामा केव्हा, या बाबतीत उपसमिती डोळ्यांत तेल घालून होती. फैजपूरच्या शेतीकार्यक्रमातलं किती पूर्ण झालं याचा हिशेब मागायला तसं कोणी नेमलेलं नव्हतं. समितीने माणसांवर नजर ठेवली, कामावर तितकी ठेवली नाही. मनमाडहून चालत आलेल्या माणसाला नेता खेर की नरिमन यापेक्षा याचं उत्तर हवं होतं.

तोच प्रश्न, आता कायद्यात

काँग्रेसच्या शपथेने जे साधलं, ते स्वतंत्र भारतात १९८५ च्या बावन्नाव्या घटनादुरुस्तीने कायद्यात आणलं. दहाव्या परिशिष्टानुसार पक्षादेश मोडून मत देणारा सदस्य अपात्र होऊ शकतो. निर्णय सभागृहाच्या अध्यक्षाचा. सुरुवातीला एक तृतीयांश सदस्य बाहेर पडले तर ती फूट मानून त्यांना संरक्षण मिळे. २००३ च्या एक्क्याण्णवाव्या दुरुस्तीने ती सवलत काढली आणि दोन तृतीयांशांचं विलीनीकरण तेवढं ठेवलं.

१९९१ च्या डिसेंबरात छगन भुजबळ आणि त्यांचे सहकारी शिवसेनेतून बाहेर पडले, तेव्हा महाराष्ट्र विधानसभेच्या अध्यक्षपदी होते मधुकरराव चौधरी: रावेरचे आमदार आणि फैजपूर अधिवेशनासाठी राबलेल्या धनाजी नानांचे पुत्र. एका पिढीने समितीचा अधिकार मांडवात मंजूर होताना पाहिला, पुढच्या पिढीला त्या अधिकाराबाहेर गेलेल्यांचा निवाडा करावा लागला.

जून २०२२ मध्ये हाच प्रश्न पुन्हा जळगाव जिल्ह्याच्या दारात आला. शिवसेनेचे गटनेते एकनाथ शिंदे आणि त्यांच्यासोबत गेलेले अशा ज्या १६ आमदारांविरुद्ध अपात्रतेच्या याचिका दाखल झाल्या, त्यांत चोपड्याच्या लता सोनवणे आणि एरंडोलचे चिमणराव पाटील होते. वाद सुरू झाला तो १९३७ सारखाच नेमणुकीवरून. पक्षप्रमुखांनी शिंदे यांना हटवून अजय चौधरी यांना गटनेता केलं. शिंदे यांच्या बाजूच्या आमदारांनी ठराव करून शिंदे यांनाच कायम ठेवलं आणि सुनील प्रभू यांच्या जागी भरत गोगावले यांना प्रतोद, म्हणजे आमदारांना पक्षादेश काढणारा सदस्य, नेमलं. सभागृहात दोन प्रतोदांचे दोन उलट आदेश उभे राहिले.

११ मे २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने सांगितलं, की प्रतोद आणि गटनेता नेमण्याचा अधिकार राजकीय पक्षाचा आहे, विधिमंडळ पक्षाचा नाही. गोगावले यांना अध्यक्षांनी दिलेली मान्यता न्यायालयाने बेकायदा ठरवली. हे फैजपूरचंच तत्त्व होतं, आता घटनापीठाच्या तोंडून आलेलं.

पण मग पक्ष म्हणजे कोण? १० जानेवारी २०२४ रोजी विधानसभा अध्यक्ष राहुल नार्वेकर यांनी निकाल दिला, तेव्हा सगळं पक्षाच्या घटनेवर येऊन थांबलं. २०१८ मध्ये केलेले बदल निवडणूक आयोगाच्या नोंदीत नाहीत, म्हणून त्यांनी १९९९ ची घटना ग्राह्य धरली. त्या घटनेनुसार राष्ट्रीय कार्यकारिणी सर्वोच्च आहे, पक्षप्रमुख एकटे निर्णय घेऊ शकत नाहीत, असं त्यांनी म्हटलं, आणि खरा पक्ष कोणता हे ठरवताना विधिमंडळातल्या बहुमताला वजन दिलं. दोन्ही बाजूंचे कोणतेच आमदार अपात्र ठरले नाहीत. या निकालाला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलं गेलं.

तालुक्याच्या बैठकीत, शाखेत किंवा जिल्हा कार्यालयात बसणाऱ्या कार्यकर्त्याला आपल्या पक्षाची घटना सहसा दाखवली जात नाही. ती मागून घ्यावी. गटनेता कोण नेमतो, प्रतोद कोण नेमतो, त्यावर हरकत घ्यायची तर कोणाकडे, आणि कार्यकारिणीची शेवटची निवडणूक कधी झाली, हे तिच्यात शोधावं. पुढे वाद झाला तर आयोग आणि अध्यक्ष तोच कागद उघडतील.